शॅम्पूतला आवाज

ॲनिमेशन म्हटलं की आपल्याकडे अजूनही उंदीर-मांजर आठवतं, नाहीतर सुट्टीत घरी आलेली भाचेकंपनी. पण गेले काही वीकेंड मी जे सिनेमे बघतेय, ते चुकूनही भाच्यांना दाखवू नका. उद्याचं बिघडलेलं शहर, सतत अंधार, सगळ्यांवर नजर ठेवून असलेली एखादी कंपनी. आणि हे सगळं इतकं देखणं, की पॉज करून वॉलपेपर लावावा!

मला प्रश्न तिथेच पडतो. दिवसभर एसीत बसून बॉसच्या मेल्सना उत्तरं द्यायची आणि घरी येऊन पुन्हा माणसाला चिरडणारी सिस्टीमच बघायची, तीही हौसेने? वर ते बघून बरं वाटतं, हे आणखी विचित्र.

'रेनेसाँस' घ्या. ख्रिस्तियान वोल्कमनचा २००६ चा फ्रेंच सिनेमा. २०५४ चं पॅरिस, निव्वळ काळं-पांढरं. करडा रंग जवळजवळ नाहीच. तारुण्य आणि सौंदर्य विकणारी 'ॲव्हलॉन' कंपनी, तिथली बेपत्ता झालेली तरुण संशोधक आणि तिच्या मागावरचा पोलिस. एकेक फ्रेम झक्कास. पण दुसऱ्या दिवशी मला स्टोरी आठवेना, फक्त सावल्या आठवत होत्या. चकाचक जाहिरातींच्या आड काय चालतं ते सांगायला निघालेला सिनेमा स्वतःच एखाद्या परफ्यूमच्या ॲडसारखा दिसतो. त्या पॅरिसमध्ये भाड्याने फ्लॅट घ्यावासा वाटला, म्हणजे भीती कुठेतरी गळूनच गेली ना?

त्याच वर्षीचा 'अ स्कॅनर डार्कली' मात्र अंगावर येतो. फिलिप के. डिक यांच्या १९७७ च्या कादंबरीवर रिचर्ड लिंकलेटरने काढलेला. कियानू रीव्हज आणि मंडळींचं आधी नेहमीसारखं शूटिंग केलं, मग त्यावरून कॉम्प्युटरवर रेषा काढून रंग भरले. शूटिंग काही आठवड्यांत उरकलं, रंगकामाला वर्षाहून जास्त लागलं. यातली रेषा कधी स्थिर बसतच नाही. सोफा तरंगतो, गाल हलतात, आणि समोरचा खरा की भास, हे आपल्यालाही कळेनासं होतं. हीरो ड्रग्जवाल्यांत मिसळलेला पोलिस. ऑफिसात तो असा सूट घालतो, की अंगावर सतत वेगवेगळ्या माणसांचे तुकडे बदलत राहतात. तो कोण आहे हे साहेबांनाही माहीत नसतं. मग साहेब त्याला काम देतात, अमक्या माणसावर पाळत ठेव. तो माणूस म्हणजे हा स्वतःच! सेल्फ-अप्रेझलचा फॉर्म भरणाऱ्यांना यातली भीती वेगळी समजवायला नको.

ड्रग्जमुळे मेलेल्या किंवा कायमच्या जायबंदी झालेल्या मित्रांची यादी डिक यांनी कादंबरीच्या शेवटी दिली होती, स्वतःला धरून. त्यातली नावं सिनेमाच्या शेवटी पडद्यावर येतात. मी रिमोट हातात धरून तशीच बसले होते. इथे स्टाइल कुठेही मिरवत नाही, पण ती काढून घेतली तर सिनेमा उरणारच नाही.

माझा लाडका मात्र तिसराच. तारिक सालेह या स्वीडिश दिग्दर्शकाचा २००९ चा 'मेट्रोपिया'. काळ २०२४ चा, म्हणजे ते साल येऊन गेलंसुद्धा. खऱ्या माणसांचे फोटो घेऊन त्यांची मोठ्ठाली डोकी आणि किडमिडीत शरीरं केलीत. तेल संपत आलंय, सगळा युरोप जमिनीखालच्या मेट्रोने जोडलाय. रॉजर कॉल सेंटरमध्ये नोकरीला. (नाइट शिफ्टवाल्यांनो, ऐकताय ना?) त्याला ती मेट्रो आवडत नाही, बिचारा सायकल मारत ऑफिसला जातो. त्याच्या डोक्यात एक आवाज बोलत असतो. तो येतो चक्क कोंड्यावरच्या शॅम्पूतून! पलीकडे हेडफोन लावून बसलेला एक माणूस त्याच्याशी बोलतोय, म्हणजे तोही एक प्रकारे ड्यूटीवरच.

रॉजर काही जग वाचवायला निघालेला नाही. आपल्या डोक्यातले विचार आपलेच आहेत का, एवढंच त्याला हवंय. सगळं राखाडी, थकलेलं, आणि तरी नजर हलत नाही. इथे मला कुठेही फ्लॅट नको होता.

या वीकेंडला एकच बघणार असाल तर हा बघा. फक्त रविवारी रात्री नको, सोमवारी सकाळी केस धुवायचे असतात.