हप्ता परवडतो, पण कर्ज परवडतं का? पेण-रोह्यातल्या गृहकर्जाचं खरं गणित

पेण : वडखळकडून पेण आणि पुढे पनवेलच्या दिशेने हायवेने जाताना दोन्ही बाजूंना फ्लेक्स बघा. वन बीएचके, टू बीएचके, एनए प्लॉट, आणि खाली मोठ्या अक्षरात 'हप्ता फक्त एवढा'. अटल सेतू १२ जानेवारी २०२४ ला सुरू झाला. नवी मुंबईचं विमानतळही २०२५ च्या डिसेंबरपासून चालू झालं. त्यामुळे पेण आता लांब राहिलं नाही असं बिल्डर सांगतात आणि ते काही खोटं नाही. रोह्यातही धाटाव एमआयडीसीत कामाला असलेली पोरं गावातल्या वाटणीच्या घरात किती दिवस राहणार? लग्न ठरवताना मुलीकडचे पहिला प्रश्न 'स्वतःचं घर आहे का' हाच विचारतात. मग धावपळ सुरू होते आणि कर्जाच्या कागदावर सही होते.

फ्लेक्सवर हप्ता लिहिलेला असतो. शेवटी एकूण किती पैसे भरणार, ते मात्र कुठेच लिहिलेलं नसतं. तो आकडा आज आपण काढू.

धरून चला, कर्ज २० लाख, मुदत २० वर्षं, व्याज साडेआठ टक्के. मोठ्या बँकांचे दर सध्या यापेक्षा खालून सुरू होतात, पण कंत्राटी नोकरी, रोखीचा धंदा किंवा शेतीचं उत्पन्न दाखवणाऱ्याला तो खालचा दर सहसा मिळत नाही, म्हणून साडेआठ धरले. महिन्याचा हप्ता येतो १७,३५६ रुपये. २४० हप्त्यांचे होतात ४१ लाख ६५ हजार. म्हणजे २० लाखांवर व्याजच २१ लाख ६५ हजार. बँकेचं एक घर आणि आपलं एक, अशी दोन घरं आपण बांधतो.

आता यातली खरी मेख बघा. व्याज दर महिन्याला बाकी मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात मुद्दल पूर्ण २० लाख, त्यामुळे १७,३५६ मधले १४,१६७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून फक्त ३,१९० च्या आसपास कमी होतात. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलात, तर खिशातून गेले १० लाख ४१ हजार आणि कर्ज कमी झालं फक्त २ लाख ३७ हजारांनी. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, बाकी किती? १४ लाख! लोकांना वाटतं अर्धी वर्षं झाली, अर्धं कर्ज फिटलं. तसं होत नाही. पाच वर्षांनी घर विकायची वेळ आली की बँकेचं स्टेटमेंट बघून माणूस चक्रावतो, कुणीतरी फसवलं असं त्याला वाटतं. फसवलेलं नसतं, कागदावर पहिल्या दिवसापासून तसंच असतं. तो कागद कुणी वाचलेला नसतो, एवढंच.

मुदतीचा फरकही बघून घ्या. तेच २० लाख, तोच दर. १० वर्षांत फेडले तर हप्ता २४,७९७ आणि व्याज पावणेदहा लाख. १५ वर्षांत हप्ता १९,६९५, व्याज साडेपंधरा लाखांच्या जरा खाली. ३० वर्षांत हप्ता १५,३७८, पण व्याज ३५ लाख ३६ हजार. २० वर्षांचे ३० करून महिन्याला जेमतेम दोन हजार वाचतात आणि त्या दोन हजारांसाठी आपण जवळपास १४ लाख जास्त देतो. 'हप्ता कमी करून देतो साहेब' असं कुणी म्हणालं की मुदत किती वाढली, हे आधी विचारा.

मुदतीचं हे गणित निदान पहिल्या दिवशी दिसतं तरी. दर वाढला की काय होतं, ते मात्र आधी दिसत नाही. बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना असं नवं कर्ज बाहेरच्या दराशी जोडावं लागतं, बहुतेकांनी ते रिझर्व्ह बँकेच्या रेपोला जोडलं. मे २०२० मध्ये रेपो ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो वाढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के! ज्याने करोनाच्या काळात ७ टक्क्यांनी २० लाख काढले, त्याचा हप्ता होता १५,५०६. दर साडेनऊ झाला की २० लाखांवर महिन्याचं नुसतं व्याज होतं १५,८३३. म्हणजे हप्ता व्याजालाही पुरत नाही. त्या वेळी अनेक कर्जदारांचा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली गेली. हप्ता बदलला नाही म्हणून कुणाच्या लक्षात आलं नाही आणि २० वर्षांचं कर्ज निवृत्तीच्या पुढे गेलं.

त्यावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला परिपत्रक काढलं. दर बदलला की कर्जदाराला कळवायचं. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराने ठरवायचं. स्थिर दराकडे जायची सोयही २०२५ पर्यंत सक्तीची होती. आणि मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून व्याजही सुटणार नाही. पण नियम आहे म्हणून ब्रँचमधून फोन येईल, या भरवशावर राहू नका. आपण जाऊन विचारायचं.

आता उलटं झालंय. फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून सव्वापाचवर आला. तुमचा दर किती उतरला? बँकेचं रेपोला जोडलेलं कर्ज असेल तर आपोआप उतरायला पाहिजे. जुनं कर्ज असेल, किंवा हाउसिंग फायनान्स कंपनीचं असेल, तर ते कंपनीच्या स्वतःच्या दराला बांधलेलं असतं आणि ते उतरायला वेळ लागतो, कधी अर्जही करावा लागतो, थोडी फी भरून. आणि दर उतरला की हप्ता कमी करून घेऊ नका, मुदत कमी करून घ्या. वरच्याच कर्जात साडेआठचे साडेसात झाले तर हप्ता १६,११२ होईल, महिन्याला बाराशे वाचतील. पण हप्ता १७,३५६ च ठेवला तर कर्ज तीन वर्षं आधी संपेल आणि हप्ता कमी करून घेण्याच्या तुलनेत तीन लाखांच्या वर वाचतील. बाराशे रुपये कुठे जातात ते घरात कुणालाच कळत नाही. तीन वर्षं कळतात.

आपल्याकडची दुसरी अडचण म्हणजे हप्ता महिन्याला आणि पैसा हंगामाला. पेणच्या गणपती कारखान्यांत पैसा येतो तो श्रावण-भाद्रपदाच्या आसपास. भाताचे पैसे दिवाळीनंतर. आंबा झाला तर उन्हाळ्यात. बँकेच्या मशीनला हे कळत नाही, पाच तारखेला खात्यात पैसे नसले की ईसीएस परत, दंड, आणि सिबिलला डाग. म्हणून हंगामाचा पैसा आला की निदान सहा हप्त्यांची रक्कम वेगळ्या खात्यात टाकून विसरून जा. हे मी शेतकरी म्हणून सांगतोय, पत्रकार म्हणून नाही.

आणि हंगामाच्या पैशाचा एक फायदाही आहे, तो पगारदारालाही सहज मिळत नाही. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जात मुदतीआधी पैसे भरले तर बँक दंड घेऊ शकत नाही, बँकांना ही बंदी २०१२ पासून आहे. वर्षाला एक जादा हप्ता, म्हणजे १७ हजार, मुद्दलात भरला तर २० वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांच्या आत संपतं, चार लाखांच्या आसपास व्याज वाचतं. त्यातही कधी भरता हे महत्त्वाचं. पहिलं वर्ष संपताना एकदाच एक लाख भरले तर साडेतीन लाखांचं व्याज वाचतं. तेच लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर पन्नास हजारही वाचत नाही. लोक नेमकं उलटं करतात, सुरुवातीला फर्निचर आणि शेवटी कर्ज. जादा पैसे भरताना 'मुद्दलात जमा करा, मुदत कमी करा' असं लेखी द्या, नाहीतर ते पुढचे हप्ते म्हणून पडून राहतात.

बाकीचे खर्च थोडक्यात. ३० लाखांपर्यंतच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत देऊ शकते, उरलेले आपले. त्यावर मुद्रांक शुल्क पाच-सहा टक्के, नोंदणी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, प्रोसेसिंग फी. २२ लाखांच्या घराला साडेतीन-चार लाख खिशातून जातात आणि त्यासाठी बायकोचे दागिने सोनेतारणात. म्हणजे एकाच घरावर दोन कर्जं. नुसत्या बाईच्या नावावर घर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, ती बऱ्याच जणांना माहीतच नाही. कर्जासोबत विम्याचा फॉर्मही पुढे सरकवतात. विमा चांगलाच, घरातला कमावता गेला तर छप्पर वाचतं. पण ६० हजारांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला तर २० वर्षांत त्याचे सव्वा लाख होतात. आणि बँक सांगेल त्याच कंपनीचा विमा घेतला पाहिजे असा नियम नाही.

बांधकाम चालू असलेल्या इमारतीत घर घेणाऱ्यांनी आणखी एक धरावं. ताबा मिळेपर्यंत बँक उचललेल्या रकमेवर नुसतं व्याज घेते. दहा लाख उचलले असतील तर महिन्याला ७,०८३ रुपये, दोन वर्षांत १ लाख ७० हजार, आणि मुद्दल एक रुपयाने कमी नाही. शिवाय राहत्या जागेचं भाडं चालूच. बिल्डरने ताबा वर्षभर लांबवला की आणखी ८५ हजार. म्हणून महारेराच्या साइटवर प्रकल्पाचा नंबर टाकून पूर्ण होण्याची तारीख बघा, फ्लेक्सवरची नाही. आयकरात सूट मिळेल असं सांगणारेही भेटतात. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची ती सूट नाही, आणि आता नवीच पद्धत आपोआप लागू होते.

गावठाणात घर बांधणाऱ्यांची गोष्ट वेगळीच. ग्रामपंचायतीचा नमुना ८ हा कर आकारणीचा उतारा, मालकीचा पुरावा नव्हे. बँक मालकीचा कागद मागते, तो चुलत्यांच्या सामाईक नावात अडकलेला. मग माणूस पतसंस्थेकडे किंवा खासगी फायनान्सकडे जातो. तिथे एकच प्रश्न विचारा: व्याज फ्लॅट की घटत्या बाकीवर? ५ लाख, १० टक्के फ्लॅट, १० वर्षं म्हणजे हप्ता ८,३३३. ऐकायला दहा टक्के, पण बँकेच्या पद्धतीने मोजलं तर जवळपास सोळा टक्के पडतात. १ ऑक्टोबर २०२४ पासून बँका आणि फायनान्स कंपन्यांना कर्जदाराला एक साधा तक्ता द्यावा लागतो, त्यात सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर लिहिलेला असतो. सहीच्या आधी तो मागून घ्या, घरी आणा, शिकलेल्या पोराला वाचायला लावा.

कर्ज थकलं तर काय, हेही सांगायला हवं. ९० दिवस हप्ता थकला की खातं एनपीए. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याने ६० दिवसांची नोटीस, आणि मग कोर्टात दावा न लावता घराचा ताबा घेता येतो. शेतजमिनीला तो कायदा लागत नाही, पण एनए केलेला प्लॉट शेतजमीन राहत नाही. पतसंस्थेचं कर्ज असेल तर सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुलीचा दाखला निघतो आणि तो जामीनदारापर्यंत पोचतो. मित्राला 'फक्त सही' देणाऱ्यांनी एवढं लक्षात ठेवावं. वडिलांना सहकर्जदार करणाऱ्या पोरांनीही.

२०१० मध्ये पेण अर्बन बँकेवर रिझर्व्ह बँकेचे निर्बंध आले आणि आपल्या तालुक्यातल्या घराघरातले पैसे अडकले. तेव्हापासून पेणचा माणूस ठेव ठेवताना दहा वेळा विचारतो, बँक कशी, संचालक कोण. कर्ज घेताना मात्र तोच माणूस पेन्सिलने फुली मारलेल्या जागी वीस सह्या करून मोकळा होतो.

घर घेऊच नका असं माझं म्हणणं नाही. भाडं दर वर्षी वाढतं, आणि आजचे १७ हजार पंधरा वर्षांनी एवढे जड वाटणार नाहीत. पण सगळे हप्ते मिळून घरात येणाऱ्या पैशाच्या तिसऱ्या हिश्श्याच्या वर जात असतील, तर थोडं लहान घर बघा किंवा दोन वर्षं थांबून जास्त पैसे जमवा.

ज्यांचं कर्ज चालू आहे त्यांनी या आठवड्यात ब्रँचला जाऊन तीन गोष्टी लेखी घ्या: आजचा दर, आजची बाकी आणि शेवटच्या हप्त्याची तारीख. कर्ज फिटल्यावर मूळ कागद ३० दिवसांत परत मिळायला हवेत, संस्थेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई आहे. बँक दाद देत नसेल तर आधी बँकेकडेच लेखी तक्रार करून पोच घ्या, ३० दिवसांत उत्तर नाही आलं तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा, माहितीसाठी फोन १४४४८. हाउसिंग फायनान्स कंपनीची तक्रार नॅशनल हाउसिंग बँकेकडे करायची.