दारूचा रकाना रिकामा का?

मामाचा केसपेपर मीच भरला होता. जिन्यावरून पडून त्याच्या मांडीचं हाड मोडलं होतं. मामी रडत होती, म्हणून ड्युटीवरचा तरुण डॉक्टर मलाच विचारत होता. डायबेटिस? नाही. बीपी? गोळी चालू आहे. व्यसन?

मी मामीकडे पाहिलं. तिने मान खाली घातली.

"तसं काही नाही," मी म्हणालो. "कधीतरी, सणावाराला."

डॉक्टरने मान डोलावली आणि लिहिलं, 'नाही'. मामा पंधरा वर्षं रोज संध्याकाळी एक क्वार्टर घेत होता. घरात सगळ्यांना माहीत होतं, गल्लीत माहीत होतं, कोपऱ्यावरच्या वाइन शॉपवाल्याला तर सुट्ट्या पैशांसकट माहीत होतं. फक्त केसपेपरला माहीत नव्हतं.

ऑपरेशन नीट झालं. मग तिसऱ्या रात्री मामाचे हात थरथरायला लागले, बनियन घामाने भिजला. तो चादरीवरून मुंग्या वेचायला लागला. मुंग्या नव्हत्याच. वॉर्डबॉयने बँडेजने त्याचे हात कॉटला बांधले. सगळ्यांना वाटलं, भुलीचा परिणाम असेल. पहाटे त्याला फिट आली. सकाळी मोठे डॉक्टर आले, मामीला बाजूला घेतलं आणि म्हणाले, "वहिनी, आता खरं सांगा. रोज किती?"

दारूची सवय झालेल्या शरीराला ती अचानक मिळेनाशी झाली की काही तासांत कंप सुटतो. पहिल्या दोन दिवसांत फिट येऊ शकते. दोन-तीन दिवसांनी भ्रम सुरू होऊ शकतो, त्याला डिलिरियम ट्रेमेन्स म्हणतात. वेळेत उपचार मिळाले नाहीत तर यात माणूस मरतो. आणि उपचार काय? लोराझेपामसारखी औषधं, थायमिन म्हणजे बी१ जीवनसत्त्वाची इंजेक्शनं आणि नीट लक्ष. थायमिन सलाइनमधल्या ग्लुकोजच्या आधी किंवा सोबत द्यायचं, नाहीतर मेंदूला कायमची इजा होण्याचा धोका असतो. यातलं काहीही महाग नाही. फक्त आधी कळायला हवं. आमच्या एका 'नाही'मुळे ते कळलं नव्हतं.

मामा त्या वेळी वाचला. डिस्चार्ज कार्डवर हाड होतं, प्लेट होती, 'संभ्रमावस्था' होती. दारू नव्हती. मोठे डॉक्टर हळूच म्हणाले, "लिहिलं तर क्लेम जाईल." आम्ही हात जोडले. ते माझ्या आयुष्यात भेटलेल्या सगळ्यात सहृदय माणसांपैकी एक होते. अकरा महिन्यांनी मामा कावीळ आणि फुगलेलं पोट घेऊन परत ॲडमिट झाला आणि गेला. मधल्या काळात हाडाचे चार फॉलोअप झाले, दारूचा एकही नाही. कागदावर नसलेल्या आजाराचा फॉलोअप कोण घेणार?

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. हॉस्पिटलांच्या बिलिंगचं सॉफ्टवेअर लिहितो. निदान टाइप केलं की कोडची यादी उघडते, ती माझ्या टीमने बांधलेली आहे. आयसीडी-१० या जागतिक वर्गीकरणात दारूसाठी एफ१० हे घर आहे. एफ१०.१ म्हणजे अपायकारक सेवन, एफ१०.२ म्हणजे अवलंबित्व, एफ१०.३ म्हणजे दारू सुटताना होणारा त्रास, एफ१०.४ म्हणजे तोच त्रास भ्रमासकट. माझ्या मामाचा कोड एफ१०.४ होता. तो कोणीच निवडला नाही. दारूने झालेल्या लिव्हर सिरॉसिसला के७०.३ आहे. कारण न सांगता नुसतं 'सिरॉसिस' म्हणायचं असेल तर के७४.६. यादीत दोन्ही जवळजवळ असतात. मधलं अंतर अंगठ्याच्या एका स्क्रोलचं आहे, आणि त्या स्क्रोलवर लाखोंचा क्लेम लटकलेला असतो.

कारण विम्याच्या जगाचा स्वतःचा एक कोड आहे. तुमच्या फोनमध्ये हेल्थ पॉलिसीची पीडीएफ असेलच. उघडा आणि 'एक्सक्ल१२' शोधा. २०१९ मध्ये विमा नियामकाने पॉलिसीतून काय वगळायचं याचे शब्द आणि क्रमांक ठरवून दिले, त्यातला हा बारावा. मद्यासक्ती, अमली पदार्थांचा गैरवापर किंवा कोणतंही व्यसन यांवरचा उपचार आणि त्यांचे परिणाम, असा त्याचा अर्थ. 'आणि त्यांचे परिणाम' हे शब्द नीट वाचा. त्यात लिव्हर आलं, स्वादुपिंड आलं, फिट आली.

आता दुसरा कागद. मानसिक आरोग्य कायदा, २०१७. त्यातल्या मानसिक आजाराच्या व्याख्येत दारू आणि अमली पदार्थांच्या गैरवापराशी जोडलेल्या मानसिक स्थिती स्पष्टपणे येतात. कलम २१(४) म्हणतं की विमा कंपन्यांनी मानसिक आजाराच्या उपचारालाही शारीरिक आजाराच्याच पायावर विमा द्यावा. म्हणजे संसद सांगते की हा आजार आहे, इतर आजारांसारखाच धरा. आणि पॉलिसीचा बारावा क्रमांक सांगतो, हा सोडून. माझ्या कोडमध्ये असे दोन परस्परविरोधी नियम निघाले असते तर रिलीज थांबली असती. इथे मात्र वर्षानुवर्षं सगळं सुरळीत चालू आहे, कारण मधली फट डॉक्टर आणि नातेवाईक खोटं बोलून बुजवतात.

यावर नेहमीचा आक्षेप येतो: त्याने स्वतःच्या हाताने पिली, माझ्या प्रीमियममधून का भरायचं? ठीक. मग रोज वडापाव खाऊन बायपासला गेलेल्याचं का भरता? हेल्मेट न घालता पडलेल्याचं? 'स्वतःच्या हाताने' ही कसोटी लावायची तर सगळ्यांना लावा, अर्धा वॉर्ड रिकामा होईल. ती फक्त दारूला लागते, कारण दारू पिणाऱ्याला आपण पेशंट मानतच नाही. तो आपल्यासाठी 'बेवडा' असतो.

हा शब्दच निदानाच्या आड येतो. आपल्या डोक्यात दोनच कप्पे आहेत: गटारात पडलेला बेवडा, आणि बाकी आपण सगळे 'सोशल'. वैद्यकशास्त्राने हे कप्पे केव्हाच मोडले. अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या डीएसएम-५ मध्ये, म्हणजे २०१३ पासून, ११ निकष आहेत. ठरवलेल्यापेक्षा जास्त पिणं, कमी करायचं ठरवून न जमणं, तलफ येणं, तेवढ्याच नशेसाठी जास्त लागणं, पिण्यापायी कामाचा-घराचा खोळंबा होणं वगैरे. बारा महिन्यांत दोन-तीन जुळले तर सौम्य, चार-पाच मध्यम, सहा किंवा जास्त तर तीव्र. सौम्यपासूनच आजार धरलेला आहे, कारण तिथेच त्याला पकडणं सोपं असतं.

आता थोडं तुमच्याबद्दल. जागतिक आरोग्य संघटनेची 'ऑडिट' नावाची दहा प्रश्नांची चाचणी आहे. तिच्यात दहा ग्रॅम अल्कोहोल म्हणजे एक ड्रिंक. ६५० मिलीची आठ टक्क्यांची स्ट्राँग बिअर म्हणजे सुमारे ४१ ग्रॅम, चार ड्रिंक. १८० मिलीची क्वार्टर म्हणजे जवळपास सहा. शुक्रवारी दोन बाटल्या, शनिवारी दोन बाटल्या, बाकी आठवडा कोरडा. पहिल्या तीन प्रश्नांतच नऊ गुण होतात. धोक्याची रेषा आठवर आहे. हे उदाहरण काल्पनिक नाही, माझं आहे. मामाच्या तेराव्यानंतर मी चाचणी भरली आणि फोन पालथा ठेवून बराच वेळ बसलो.

२०१९ मध्ये आलेल्या राष्ट्रीय सर्वेक्षणानुसार देशात साधारण २.९ कोटी लोक दारूवर अवलंबून आहेत. त्यांच्यातल्या ३८ जणांमागे एकालाच कुठलीतरी मदत मिळाल्याचं दिसलं. बाकीचे ३७ कुठे आहेत? हाडांच्या, पोटाच्या, अपघातांच्या वॉर्डात, दुसऱ्या कोडखाली.

उपचार नाहीत असं नाही. नालट्रेक्झोन आणि ॲकॅम्प्रोसेट ही औषधं जुनी आहेत, २०२३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने ती अत्यावश्यक औषधांच्या यादीत घातली. तुमच्या तालुक्याच्या ग्रामीण रुग्णालयात जाऊन विचारा, मिळतात का. गोव्यात प्राथमिक आरोग्य केंद्रांवर एक प्रयोग झाला. डॉक्टर नसलेल्या, पण प्रशिक्षण दिलेल्या समुपदेशकांनी अपायकारक पिणाऱ्या पुरुषांना जास्तीत जास्त चार बैठका दिल्या. तीन महिन्यांनी त्या गटातले ३६ टक्के धोक्याच्या पातळीखाली आले होते, नेहमीच्या उपचारांच्या गटात २६ टक्के. 'लॅन्सेट'ने २०१७ मध्ये ते छापलं. चमत्कार नाही, पण चार गप्पांच्या खर्चात दहा टक्क्यांचा फरक आहे. पुण्यात १९८६ पासून मुक्तांगण उभं आहे. म्हणजे रस्ता माहीत आहे. पण त्या रस्त्यावर पाठवायला आधी कोणीतरी निदान लिहावं लागतं.

निदान लिहिलं गेलं नाही की काय होतं तेही सांगतो. रिक्षाच्या पाठीमागे जाहिरात असते: पिणाऱ्याच्या नकळत दारू सोडवा. मामीने मेडिकलमधून डायसल्फिराम आणून वरणात मिसळलं होतं. हे औषध पोटात असताना दारू प्यायली की चेहरा लाल होतो, छाती धडधडते, ओकाऱ्या होतात, बीपी कोसळू शकतं. म्हणूनच ते पेशंटला सांगून, त्याच्या संमतीने द्यायचं असतं. मामा त्या रात्री मोरीत कोसळला. मामीला दोष देण्याची माझी हिंमत नाही. तिला उपचार कोणी सांगितलेच नव्हते, तिने जाहिरातीचं ऐकलं.

'उद्यापासून सगळ्या डॉक्टरांनी खरा कोड लिहावा' एवढंच म्हणणं मला पुरेसं वाटत नाही. आज कोड लिहिला तर घर कर्जात जातं. म्हणून आधी पॉलिसीतला बारावा क्रमांक जायला हवा, निदान 'आणि त्यांचे परिणाम' हे शब्द तरी. मग प्रत्येक ॲडमिशनला बीपीसारखे ऑडिटचे प्रश्न, तेही नातेवाइकांना बाहेर पाठवून. आणि त्या उत्तरांना एचआरपासून, लग्नाच्या चौकशीपासून कडक गुप्तता. ही शेवटची भीती खरी आहे, तिला हसू नका.

माझ्या हातात यातलं एकच होतं. आमच्या ॲडमिशनच्या स्क्रीनवर 'व्यसन' हा रकाना ऐच्छिक होता आणि काही न निवडलं तर आपोआप 'नाही' पडायचं. ती ओळ तीन वर्षांपूर्वी मीच लिहिली होती, फॉर्म लवकर भरला जावा म्हणून. गेल्या महिन्यात मी ती बदलली. आता तिथे 'विचारलं नाही' असं येतं.

किती पेशंटांपुढे 'विचारलं नाही' येतं, ते मी रोज बघतो. पुढच्या वेळी केसपेपर तुमच्या हातात आला आणि कोणी विचारलं, तर मामीकडे पाहू नका. खरं सांगा.