माळ्यावरच्या कॅसेट खाली काढा!

सरकारी वाहिनीवर सरकारी कारभाराचीच टोपी उडवली जायची, हे आजच्या पोरांना सांगितलं तर खरं वाटत नाही. पण आपण पाहिलंय ना! १९८९ साली दूरदर्शनवर जसपाल भट्टींचा 'फ्लॉप शो' लागायचा. अवघे १० भाग. श्रेयनामावलीत स्वतःच्या नावाआधी त्यांनी चक्क 'मिसडायरेक्टेड बाय' लिहिलं होतं.

पीएचडीचा भाग आठवतो? गाइडसाहेब विद्यार्थ्याला घरच्या कामांना जुंपतात आणि गोष्ट थेट मेहुणीशी लग्न लावण्यापर्यंत जाते. विद्यार्थी निमूट 'यस सर' म्हणत राहतो. खरा चिमटा तिथेच होता. वेडेपणा वरून येतो खरा, पण माना डोलावून तो चालवतो आपणच. म्हणून तर हसता हसता आपण थोडे ओशाळायचो.

त्याच काळात 'कक्काजी कहिन'मध्ये ओम पुरींचा पानखाऊ पुढारी होता. आपल्या मुंबई दूरदर्शनवर 'गजरा' होता, त्यातल्या छोट्या प्रहसनांनी घरं हसत होती. यातलं किती आज पुन्हा बघायला मिळतं? सगळं नक्कीच नाही. टेपला बुरशी लागते, चुंबकीय थर सुटतो, ती चालवणारी यंत्रंही दुर्मीळ होत चालली आहेत. हे दुखणं फक्त आपलंच नाही. खुद्द बीबीसीने पीटर कुक आणि डडली मूर यांच्या गाजलेल्या विनोदी मालिकेचे कितीतरी भाग पुसून टाकले. मात्र त्याच बीबीसीच्या 'डॉक्टर हू'च्या हरवलेल्या भागांचे निदान आवाज तरी वाचले, ते प्रेक्षकांनी घरी करून ठेवलेल्या ध्वनिमुद्रणांमुळे!

मग आपण का मागे राहायचं? कोणाच्या तरी माळ्यावर लग्नाच्या व्हिडिओशेजारी अशी एखादी कॅसेट नक्की पडली असेल. शोधूया. पांढरी बुरशी दिसली तर लगेच व्हीसीआरमध्ये घालू नका, आधी जाणकाराकडून साफ करून घ्या. मगच डिजिटल प्रत काढा. मधल्या जाहिराती कापू नका, त्याही त्या काळाचा दस्तऐवजच आहेत. लेबलवर साल आणि कार्यक्रमाचं नाव लिहा. आपल्याकडे काय आहे ते दूरदर्शन केंद्राला कळवा, आणि त्यांच्या संग्रहातलं लोकांना कधी दाखवणार, हेही विचारा. चार पत्रांनी हललं नाही तर चाळीस पाठवू.

आणि जे आज उपलब्ध आहे, ते एखाद्या रविवारी सोसायटीच्या हॉलमध्ये पोरांना घेऊन एकत्र बघूया. सेक्रेटरी परवानगीसाठी तीन प्रतींत अर्ज मागतील. द्या, आणि त्यांना पहिल्या रांगेत बसवा.