मोहाखालची आग

चंद्रपूर जिल्ह्यातील ताडोबाचे वन १९५५ साली राष्ट्रीय उद्यान म्हणून घोषित झाले. १९८६ साली लगतच्या अंधारी वनाचे अभयारण्य झाले. या दोहोंचा मिळून सुमारे ६२५ चौरस किलोमीटरांचा प्रदेश आज व्याघ्र प्रकल्पाचा गाभा आहे. “वाघासाठी राखलेल्या या वनाशी आमचा संबंध काय?” असे भोवतालचे शेतकरी विचारतात. प्रश्न रास्त आहे; त्याचे उत्तर वनातील पाचोळ्यात आहे.

साग, ऐन, बिजा, धावडा यांची पाने उन्हाळ्यापर्यंत गळून जमिनीवर साचतात. ती कुजून माती भुसभुशीत होते व पावसाचे पाणी तीत मुरते. अंधारी व इरई या नद्यांना या वनप्रदेशाचे पाणी मिळते. पाचोळा जळाला की पाणी मातीसह वाहून जाते. शेतातील काडीकचरा न जाळता त्याचे खत करावे, असे आपण सांगतो. वनालाही तोच न्याय लागू आहे.

फाल्गुन-चैत्रात मोहाची फुले वेचणे सोपे व्हावे म्हणून झाडाखाली आग लावतात. वारा सुटला की तिचा वणवा होतो. एका सकाळची सोय होते; पण मोहाची कोवळी रोपे जळतात. मग नातवंडांनी फुले कोठे वेचावीत? गवत जळाल्यावर चितळे शेताकडे वळली, तर नवल नाही.

यावर उपाय साधा आहे. पाचोळा झाडून बाजूस सारावा आणि झाडाखाली जुने लुगडे किंवा जाळी अंथरावी. पुरते उजाडल्यावर व सोबतीनेच जावे. वाकून वेचणारा माणूस वाघास सावजासारखा भासतो. या जिल्ह्यात असे बळी गेले आहेत.

परंतु कर्तव्य एकट्या शेतकऱ्याचेच नव्हे. ज्याचे उभे धान रानडुकरांनी एका रात्रीत तुडविले, त्यास वनरक्षणाचा उपदेश करणे व्यर्थ होय. पंचनामा विनाविलंब व्हावा आणि भरपाई पुढील पेरणीपूर्वी हाती पडावी. नुकसानीच्या दुसऱ्या दिवशी जो ग्रामकार्यकर्ता बांधावर जात नाही, त्यास सभेत वणव्याविषयी बोलण्याचा अधिकार नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

ग्रामकार्यकर्त्यांनी होळीपूर्वीच गावोगावी सभा घ्यावी, आणि शेतकरी बंधूंनी मोहाखाली आग न लावण्याचा निर्धार करावा. वन राखणे म्हणजे आपल्या विहिरीचे पाणी राखणेच होय.