माणसे मोजायची की तास?

पावसाळा लागला की वर्तमानपत्रांत एक छायाचित्र हमखास येते. बाजेला दोर बांधून केलेली कावड, तिच्यावर निजवलेली गरोदर बाई आणि कमरेएवढ्या पाण्यातून नाला ओलांडणारे चार जण. दोन दिवस हळहळ होते, चौकशीचे आदेश निघतात आणि चर्चा ‘डॉक्टर जागेवर का नव्हता’ इथे थांबते. प्रश्न रास्त आहे. पण त्याच्या आधीचा प्रश्न असा की, त्या गावापासून दवाखाना इतका लांब कोणत्या हिशेबाने राहिला?

हा हिशेब लोकसंख्येचा आहे. सपाट प्रदेशात ५ हजार लोकांमागे एक आरोग्य उपकेंद्र आणि ३० हजारांमागे एक प्राथमिक आरोग्य केंद्र, असा देशभराचा निकष आहे. डोंगरी आणि आदिवासी भागासाठी तो ३ हजार आणि २० हजार असा सैल केला आहे. कागदावर ही मोठी सवलत वाटते. गडचिरोलीच्या नकाशावर ठेवून पाहिली की तिचे खरे माप कळते.

२०११च्या जनगणनेनुसार या जिल्ह्याचे क्षेत्रफळ १४ हजार ४१२ चौरस किलोमीटर आणि लोकसंख्या पावणेअकरा लाखांच्या आत. म्हणजे राज्याची पावणेपाच टक्के जमीन, पण माणसे एक टक्क्याहूनही कमी. राज्यात एका चौरस किलोमीटरमध्ये सरासरी ३६५ लोक राहतात, इथे ७४. सरासरी घनतेच्या सपाट भागात ३० हजार लोक सुमारे ८० चौरस किलोमीटरमध्ये सापडतात. गडचिरोलीत २० हजार लोक गाठायला २७० चौरस किलोमीटर लागतात. सवलत देऊनही एका केंद्राच्या वाट्याला तिपटीहून अधिक मुलूख येतो, आणि तोही टिपागड, सुरजागड, भामरागडच्या डोंगरांचा, जंगलाचा, पावसाळ्यात रपटे पाण्याखाली जाणारा. भामरागडला इंद्रावती, पामुलगौतम आणि पर्लकोटा एकत्र येतात. पर्लकोटेला पूर आला की तालुक्याचे गावच तुटते, आतल्या पाड्यांचे तर विचारायलाच नको.

आजार मात्र लोकसंख्या पाहून येत नाही, तो घड्याळ लावून येतो. बाळंतपणानंतर जोराचा रक्तस्राव झाला आणि उपचार मिळाले नाहीत, तर मृत्यू सरासरी दोन तासांत ओढवतो. नवजात बाळाने श्वास घेतला नाही, तर हातात काही मिनिटेच असतात. फॅल्सिपेरम जातीचा मलेरिया मेंदूपर्यंत जायला एक-दोन दिवस पुरतात. मण्यार चावल्यावर श्वासाचे स्नायू काही तासांत लुळे पडू शकतात. दवाखाना किती लोकांमागे आहे, याला या रुग्णांच्या लेखी अर्थ नाही. तो किती तासांवर आहे, एवढेच खरे.

विरळ वस्तीचा दुसरा तोटा आकडेवारीत लपतो. महाराष्ट्राचा मातामृत्यू दर २०१८-२०च्या पाहणीत लाख जिवंत जन्मांमागे ३३ होता, देशातल्या उत्तम दरांपैकी एक. भामरागड तालुक्याची लोकसंख्या सुमारे ३६ हजार. हजारी २० जन्म धरले, तर वर्षाला सातशेच्या आसपास बाळंतपणे. राज्याच्या दराने तिथे चार वर्षांत एखादा मातामृत्यू व्हावा. एकाच वर्षी दोन झाले, तरी राज्याचा आकडा तसूभर हलत नाही; आणि तालुक्याचा दर काढायला जावे, तर ‘संख्या फार लहान, निष्कर्ष काढता येत नाही’ असे शास्त्रच सांगते. थोडक्या माणसांचे दुःख सरासरीत विरघळते ते असे. अशा ठिकाणी दर काढत बसण्यापेक्षा प्रत्येक मृत्यूची हकीकत तपासणे उपयोगाचे: कळा कधी सुरू झाल्या, निरोप कधी गेला, गाडी कुठे अडली.

मग प्रत्येक पाड्यावर रुग्णालय काढायचे का? ते शक्य नाही आणि शहाणपणाचेही नाही. सिझेरियनला स्त्रीरोगतज्ज्ञ, भूलतज्ज्ञ, बालरोगतज्ज्ञ आणि रक्त, सगळे एकाच वेळी हजर लागते. महिन्याला एखादीच शस्त्रक्रिया होत असेल, तर तिथे तज्ज्ञ टिकत नाही आणि त्याचा हातही बसलेला राहत नाही. म्हणून उपचारांची वाटणी वेळेनुसार करावी लागेल.

ज्याला मिनिटे मिळतात, ते घरातच हवे. याचा धडा गडचिरोलीनेच घालून दिला आहे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने इथल्या ३९ गावांत साध्या शिकलेल्या बायकांना नवजात बाळांची काळजी शिकवली. गुदमरलेल्या बाळाला श्वास देणे, जंतुसंसर्ग ओळखून औषध देणे, ऊब टिकवणे ही कामे त्यांनी घरोघरी केली. नवजात मृत्यूचे प्रमाण हजारी ६२ वरून तिसऱ्या वर्षी पंचविसाच्या आसपास आले. १९९९ साली हे ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाले आणि २०११पासून देशभरातल्या आशा कार्यकर्त्या नवजातांच्या घरभेटी करू लागल्या. मलेरियाची झटपट तपासणी आणि गोळ्या, रक्तस्राव रोखणाऱ्या मिसोप्रोस्टॉलच्या गोळ्या याच पंगतीतल्या. या गोळ्यांना ऑक्सिटोसिनसारखा शीतपेटीचा आधार लागत नाही, म्हणून त्या पाड्यापर्यंत पोचू शकतात.

ज्याची तारीख आधी कळते, त्यासाठी माणसानेच आधी निघावे. प्रसूतीच्या काही दिवस आधी आरोग्य केंद्राजवळ येऊन राहण्याची ‘माहेरघर’ योजना याचसाठी आहे. कल्पना उत्तम आहे, पण घरी दुसरे लेकरू, शेळ्या, मोहफुलांचा किंवा तेंदूपत्त्याचा हंगाम असताना बाई आठ दिवस निघणार कशी? सोबतच्या माणसाची बुडालेली मजुरी आणि लेकराची सोय हाही उपचाराचाच भाग मानला, तर खाटा रिकाम्या राहणार नाहीत. आणि तिच्याशी माडियातून बोलणारे कुणी तिथे हवे.

उरलेल्यांसाठी, म्हणजे शस्त्रक्रिया, रक्त आणि गंभीर आजारांसाठी, मोजकीच पण चोवीस तास चालणारी रुग्णालये आणि पुरातही पोचणारी वाहतूक लागेल, मग ती रुग्णवाहिका असो वा डोंगा.

सरकारी धोरणाला हा विचार परका नाही. निवडक डोंगरी आणि वाळवंटी जिल्ह्यांत वस्तीपासून अर्ध्या तासाच्या चालीवर उपकेंद्र असावे, असा वेळेचा निकष केंद्राच्या कागदपत्रांत आहे. माडिया गोंडांसारख्या अतिअसुरक्षित जमातींसाठी २०२३ साली सुरू झालेल्या ‘पीएम-जनमन’ अभियानात फिरते दवाखानेही आहेत. पण पदे, इमारती आणि पैसा मंजूर होताना डोकी मोजण्याचीच सवय आहे.

२०२७च्या जनगणनेनंतर नवी लोकसंख्या हाती येईल आणि नव्या केंद्रांची मागणी तिच्यावरच मांडली जाईल. विरळ जिल्ह्यांच्या पदरात त्यातही फारसे पडणार नाही, कारण त्यांची लोकसंख्या वाढली तरी विरळच राहणार. ही जनगणना डिजिटल आहे. तिच्यातून निघणाऱ्या प्रत्येक वस्तीच्या नोंदीशेजारी एकच रकाना वाढवावा: ऐन पावसाळ्यात इथून दवाखान्यात पोचायला किती तास लागतात? तो रकाना भरला, की पुढचे केंद्र कुठे हवे हे वेगळे सांगावे लागणार नाही.