ऐतिहासिक सिनेमात तुतारी-संबळच हवं का? सामुराईपट काय सांगतात

फेब्रुवारी 2025 मध्ये ‘छावा’ आला आणि सोशल मीडियावर वाद पेटला. संभाजी महाराजांच्या काळाला ए. आर. रहमान यांचं असं आधुनिक पार्श्वसंगीत कशाला? तुतारी, हलगी, संबळ पुरे की!

जपानमध्ये अकिरा कुरोसावांच्या संगीतकारांनी हा प्रश्न सत्तर वर्षांपूर्वीच निकालात काढला. 1954 च्या ‘सेव्हन सामुराई’ची गोष्ट सोळाव्या शतकातली. फुमियो हायासाकांनी मात्र सामुराईंना पाश्चात्त्य ब्रास वाद्यं दिली, शेतकऱ्यांना पुरुषांचं दबकं गुणगुणणं. त्यांचे शिष्य मासारू सातो 1961 च्या ‘योजिम्बो’त थेट जॅझच्या वाटेला गेले, तेही हार्पसिकॉर्ड घेऊन!

वाद्य जुनं की नवं, यानं फारसं बिघडत नाही. सेवाग्रामचंच घ्या. गांधीजींच्या आश्रमात राहिलेल्या जपानी बौद्ध भिक्षूंचा मंत्र तिथल्या प्रार्थनेत आजही म्हणतात. हे भिक्षू तो डफासारख्या ढोलाच्या तालावर म्हणतात, आणि ऐकणारा शांत होतो. ‘सेव्हन सामुराई’त ढोल घुमला की डाकू आलेच.

‘छावा’वर टीका करायची तर ती इथं करावी: संगमेश्वरच्या प्रसंगात संगीत महाराजांची कोंडी ऐकवतं, की नुसताच आवाज वाढवतं?