फुकटच्या खेळाचे मोल

शुक्रवारी चित्रपटगृहात लागलेला चित्रपट शनिवारी सकाळी चहाच्या वेळी एखाद्या सुशिक्षित घरातील मोबाईलवर चालू असावा, आणि ‘कुठून मिळाला?’ या प्रश्नास ‘टेलिग्रामवर आला’ असे सहज उत्तर मिळावे, याचे आता कोणास नवल वाटेनासे झाले आहे. वाण्याने चुकून जादा दिलेले दहा रुपये परत नेऊन देणारी ही माणसे आहेत. परंतु शेकडो जणांच्या श्रमांतून उभी राहिलेली कलाकृती चोरून पाहताना त्यांच्या मनास टोचणी लागत नाही. या प्रश्नाच्या नैतिक बाजूविषयी आजवर पुष्कळ लिहिले गेले आहे. आज आम्हांस त्याच्या दुसऱ्या, अधिक निकडीच्या बाजूकडे वाचकांचे लक्ष वेधावयाचे आहे. चोराच्या दुकानात गिऱ्हाईक म्हणून जाणारा मनुष्य पुष्कळदा आपल्या घराची किल्ली तेथे ठेवून येतो.

हे म्हणणे भीती घालण्यासाठी नाही. ‘स्पायडर-मॅन : नो वे होम’ हा चित्रपट डिसेंबर २०२१ मध्ये प्रदर्शित झाला, तेव्हा त्याच्या नावाने पसरलेल्या एका फायलीत वापरणाऱ्याच्या संगणकाची शक्ती परस्पर राबवून आभासी चलन मिळविणारा छुपा प्रोग्रॅम निघाला. पुढचे प्रकरण याहून गंभीर आहे. मायक्रोसॉफ्ट कंपनीने मार्च २०२५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या माहितीनुसार, चोरटे चित्रपट दाखविणाऱ्या संकेतस्थळांवरील जाहिरातींच्या वाटेने जगभरातील सुमारे दहा लाख उपकरणांवर घातक प्रोग्रॅमचा हल्ला झाला. त्यांत घरगुती संगणकांप्रमाणेच कार्यालयांतील संगणकही होते, आणि हल्ल्याचा उद्देश माहितीची चोरी हा होता.

या चोरीची रीत समजून घेणे अवघड नाही. चित्रपटाचे नाव धारण केलेली फाईल प्रत्यक्षात प्रोग्रॅम असते. नावाचा शेवटचा भाग संगणक बहुधा दाखवीत नसल्यामुळे भेद कळत नाही. मोबाईलवर ‘आधी हे ॲप घ्या’ अशी सूचना येते, ते ॲप संदेश वाचण्याची परवानगी मागते, आणि चित्रपट पाहण्यास उतावीळ झालेला मनुष्य ती देऊन टाकतो. बँकेचा ओटीपी त्याच संदेशांतून येत असतो! काही प्रोग्रॅम ब्राउझरमध्ये जतन करून ठेवलेले पासवर्ड गोळा करून परक्याकडे पाठवितात. पडद्यावर काहीच बिघडलेले दिसत नाही. कधी कधी तर चित्रपटही व्यवस्थित दिसतो. मुलाने रात्री उतरविलेला चित्रपट आणि वडिलांचे निवृत्तिवेतनाचे खाते ही दोन्ही एकाच संगणकावर नांदत असतात, याचा विचार किती घरांत होतो?

यावर तिकिटे महाग आहेत, मराठी चित्रपटांना सोयीच्या वेळा मिळत नाहीत, आणि घरबसल्या पाहावे तर चार ठिकाणी वर्गणी भरावी लागते, अशी तक्रार केली जाते. ती सर्वस्वी खोटी नाही. निर्माते, चित्रपटगृहांचे चालक आणि शासन यांनी तिचे उत्तर दिलेच पाहिजे. परंतु धान्य महागले म्हणून विषाचा संशय असलेले धान्य कोणी घरी आणीत नाही.

कायदा आपल्या परीने पुढे सरकला आहे. २०२३ च्या दुरुस्तीने चित्रपटाचे चोरटे चित्रण व प्रसारण करणाऱ्यास तीन महिने ते तीन वर्षे कारावास आणि किमान तीन लाख रुपये दंड सांगितला आहे. टॉरेंटच्या पद्धतीत चित्रपट घेणारा त्याच वेळी तो इतरांना देतही असतो, ही गोष्ट पालकांनी या संदर्भात ध्यानी घ्यावी. तथापि एक संकेतस्थळ बंद केले की दुसरे नव्या नावाने उघडते. घराचा उंबरठा घरातल्यांनीच राखावयास हवा. अनोळखी दुव्यावरून आलेले ॲप घेऊ नये, चित्रपटासाठी संदेश वाचण्याची परवानगी देऊ नये, आणि पैसे गेल्याचे कळताच लाज न धरता १९३० या क्रमांकावर तत्काळ कळवावे. चोरीचा माल घेताना लुटला गेलेला मनुष्य तक्रार करण्यास कचरतो, आणि त्याचे हे संकोचाचे मौनच लुटारूंच्या पथ्यावर पडते.

दादासाहेब फाळके यांनी चित्रपटाच्या ध्यासापायी आपली विमा पॉलिसी तारण ठेवली. सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने काढून दिले. त्यातून १९१३ साली सत्यवचनी राजा हरिश्चंद्र पडद्यावर आला. आपण काय गहाण ठेवीत आहोत, हे त्या दांपत्यास पक्के ठाऊक होते. आज फुकटच्या दोन-अडीच तासांच्या करमणुकीसाठी आपली मिळकत, आपली गुपिते आणि आपल्या माणसांचा विश्वास गहाण टाकणाऱ्यास मात्र त्याची गंधवार्ता नसते. आज रात्रीच्या जेवणाच्या वेळी प्रत्येक घरात याविषयी मुलांशी मोकळेपणाने बोलणे व्हावे, एवढीच आमची वाचकांस विनंती आहे.